हिरव्या स्टिकरवरची सही

माझा असल्या गोष्टींवर कधीच विश्वास नव्हता. मी सिंधुदुर्गातला. आमच्याकडे प्रत्येक वळणाला, प्रत्येक जुन्या विहिरीला एकेक भूत नेमून दिलेलं असतं. लहानपणापासून ते ऐकून ऐकून माझे कान किटले होते. पुढे आयटीआयमधून इन्स्ट्रुमेंट मेकॅनिक झालो आणि मग तर विषयच संपला. मीटरवर दिसतं ते आहे, मीटरवर नाही ते नाही... असं साधं गणित घेऊन मी बावीस वर्षं नोकरी केली.

इथले अनुभव मी बरेच दिवस वाचतोय. कोणाला पांढरी साडी दिसते, कोणाला पैंजण ऐकू येतात. माझ्या अनुभवात तसं काही नाही. एक शाईचा पेन आहे, एक गोल कागद आहे आणि एक हिरवं स्टिकर. कंटाळवाणं वाटलं तर सोडून द्या. मी स्वतःच या गोष्टीला कंटाळलोय. पण ती डोक्यातून जात नाही, म्हणून एकदाची लिहून टाकतो.

मी १९९३ मध्ये कुवेतला गेलो. युद्ध होऊन दोन वर्षं झाली होती. फहाहीलमध्ये काही इमारतींवर गोळ्यांच्या खुणा तशाच होत्या आणि खाली दुकानं मात्र जोरात चालू होती. एका कॉन्ट्रॅक्ट कंपनीच्या वर्कशॉपमध्ये मी इन्स्ट्रुमेंट टेक्निशियन होतो. रिफायनरीतले मीटर, गेज, थर्मामीटर आमच्याकडे यायचे. ते खरं बोलतात की नाही ते तपासायचं, बिघडलं असेल तर सरळ करायचं, आणि हिरवं स्टिकर लावून खाली सही ठोकायची. यालाच कॅलिब्रेशन म्हणतात. ते स्टिकर असलं की पुढे कोणी प्रश्न विचारत नाही. प्लांटमधला ऑपरेटर त्या आकड्यावर भरवसा ठेवून व्हॉल्व्ह उघडतो नि बंद करतो.

तापमानाचे मीटर तपासायला आमच्या एसी खोलीत एक बाथ होता. बाथ म्हणजे पाण्याची स्टीलची टाकी, खाली हीटर. पाणी हवं तेवढं तापवायचं, त्यात मीटरचा प्रोब, म्हणजे वायरच्या टोकाची धातूची कांडी, बुडवायची आणि आकडा बघायचा. बाथच्या वर भिंतीवर एक चार्ट रेकॉर्डर. त्यात ताटलीएवढा गोल कागद चोवीस तासांत एक फेरी पूर्ण करतो आणि बाथचं तापमान एक पेन त्यावर काढत राहतो. रोज सकाळी सातला जुना कागद काढून नवा लावायचा, हे माझं काम.

माझ्याबरोबर नोएल नावाचा फिलिपिनो टेक्निशियन होता. माझ्यापेक्षा दहा वर्षांनी लहान. मला ‘कुया’ म्हणायचा... त्यांच्याकडे थोरल्या भावाला तसं म्हणतात. त्याच्या लॉकरच्या दारावर आतल्या बाजूने एक फोटो चिकटवलेला होता. समुद्रात एक डोंगर, डोंगराच्या माथ्यावर खोल वाटी, आणि वाटीत हिरवंगार पाणी. पाण्यावर वाफ. दिसायला फार सुंदर.

“हे काय तुमचं महाबळेश्वर?” मी एकदा थट्टेने विचारलं. मग महाबळेश्वर म्हणजे काय हे त्याला सांगावं लागलं.

“कुया, हे माझं घर,” तो म्हणाला. “बेट आहे. बेट म्हणजेच व्होल्कॅनो. पाण्याच्या खाली आग आहे. दुसरे व्होल्कॅनो वाहतात. आमचा वाहत नाही, आमचा फुटतो.”

त्याच्या आजोबांच्या वेळी एकदा फुटला होता. बेटावरच्या निम्म्या लोकांना होड्यांपर्यंतही पोचता आलं नव्हतं. तरी माणसं परत जाऊन राहिली. मासे चांगले मिळतात, जमीन कसदार आहे... माणूस काय, कुठेही राहतो. आम्ही नव्हतो का राहत, पन्नास डिग्रीत? त्या बेटावर तेव्हा नऊ घरं होती. त्यात नोएलचे वडील होते, बहीण होती आणि बहिणीची दोन लहान मुलं.

नोएलचे वडील मासे पकडायचे, आणि शिवाय एक काम करायचे. पलीकडच्या किनाऱ्यावर ज्वालामुखीवर लक्ष ठेवणारी एक वेधशाळा होती. तिथल्या लोकांनी त्यांना सांगून ठेवलं होतं, दर रविवारी वाटीत उतरायचं, तळ्याचं तापमान घ्यायचं आणि होडीने गावात येऊन आम्हाला कळवायचं. तापमान पंचावन्नच्या वर गेलं तर आमची वाट बघू नका, सगळ्यांना घेऊन निघा. नऊ घरांचं सगळं या एका आकड्यावर होतं. त्यांचा काचेचा थर्मामीटर मात्र खडकावर आपटून फुटला होता.

१९९५ च्या सुरुवातीला नोएल सुट्टीवर निघाला. वडिलांना नेण्यासाठी त्याने अम्गराच्या भंगारबाजारातून एक डिजिटल मीटर शोधून आणला. एका दुकानात मीटर मिळाला, दुसऱ्या दुकानात वीस मीटर वायरचा प्रोब. त्याचा प्लग बसत नव्हता. तो मी कापला, नवा लावून दिला.

“कुया, नीट चेक करून दे हं,” तो म्हणाला. “तातयला स्टिकर पण पाहिजे.” तातय म्हणजे वडील.

आता खरं लिहायला हवं. तेव्हा रिफायनरीत शटडाऊन चालू होता. प्लांट बंद ठेवून सगळी दुरुस्ती एकदम उरकायची, त्याला शटडाऊन म्हणतात. बारा तासांची ड्युटी, एकोणीस दिवस सुट्टी नाही. दुपारी चारला मी नोएलचा मीटर समोर घेतला, तेव्हा टेबलावर अजून चाळीस गेज पडले होते. नियमाप्रमाणे तीन ठिकाणी तपासायचं असतं... बर्फात, मध्यम गरम पाण्यात आणि उकळत्या पाण्यात. बाथ तापायला पाऊण तास लागला असता. मी प्रोब नुसता टेबलावर ठेवला. खोलीतला थर्मामीटर चोवीस दाखवत होता आणि मीटरनेही चोवीस दाखवले. म्हटलं, झालं की. कागदावर तीन आकडे मनाने भरले, हिरवं स्टिकर लावलं आणि ‘व्ही. नाईक’ अशी सही केली.

आमच्या धंद्यातली ही पहिली शिकवण आहे — खोलीच्या तापमानाला तपासलेला मीटर म्हणजे न तपासलेला मीटर. प्रोबच्या धातूंच्या जाती असतात. मीटर एका जातीचा आणि प्रोब दुसऱ्या जातीचा असेल, तरी खोलीच्या तापमानाला आकडा बरोबरच येतो. गरम होत जाईल तशी चूक वाढत जाते. हे मला माहीत नव्हतं असं नाही. नवीन पोरांना मीच शिकवायचो. पण त्या दिवशी मला फक्त खोलीवर जाऊन आडवं व्हायचं होतं.

नोएल गेला, मीटर देऊन दोन महिन्यांनी परत आला आणि त्याला थेट रिफायनरीतल्या साइटवर पाठवलं. मग आमची भेट व्हायची ती फक्त बसमध्ये, संध्याकाळी फहाहीलच्या कॅम्पवर जाताना. रविवारी दुपारी जेवणाच्या सुट्टीत तो कॅन्टीनच्या फोनवरून कार्ड घालून वडिलांशी बोलायचा. त्यांच्याकडे तेव्हा पाच वाजलेले असायचे. वडील आकडा कळवायला गावात आलेले असायचे आणि एका दुकानातला फोन घ्यायचे.

त्याच सुमाराला आमच्या बाथचा हीटर जळाला. नवा स्टोअरमधून येईपर्यंत बाथ बंद. पाणी गार. तरी रेकॉर्डर चालू ठेवायचा असा नियम होता, म्हणून मी रोज कागद बदलत होतो आणि पेन चोवीसवर निमूटपणे गोल काढत होता.

मग एका रविवारी सकाळी सातला कागद बदलला. चहाचा कप हातात घेतला. सात वाजून दहा मिनिटं झाली असतील, पेन हलला. हळूहळू चढत बेचाळीसवर गेला. पंधरा-वीस मिनिटं तिथेच थांबला आणि परत चोवीसवर आला. मी पाण्यात हात घालून बघितला. गार. लूज कॉन्टॅक्ट, असं म्हणून स्क्रू आवळले आणि विसरून गेलो.

संध्याकाळी बसमध्ये नोएल शेजारी बसला.

“तातयने नंबर दिला. अडतीस,” तो म्हणाला. “थोडा वाढलाय, पण ओके.”

माझं लक्षही नव्हतं. मी खिडकीला डोकं टेकून झोपलो.

दुसऱ्या रविवारी सात वाजून दहा मिनिटांनी पेन पुन्हा चढला. या वेळी मी आदल्या दिवशीच बाथची वायर काढून ठेवली होती आणि रेकॉर्डरचे दोन टर्मिनल तांब्याच्या तुकड्याने जोडून टाकले होते. असं केलं की रेकॉर्डर फक्त खोलीचं तापमान दाखवतो, दुसरं काही दाखवूच शकत नाही. पेन पन्नासवर जाऊन थांबला. आमचे फोरमन जॉर्जसाहेब, मल्याळी माणूस, नेमके तेव्हा आत आले.

“नाईक, ये क्या है? बाथ तो बंद है ना?”

“बंद है, साहेब.”

त्यांनी वाकून तांब्याचा तुकडा बघितला, पेन बघितला, मग माझ्याकडे बघितलं. “रेकॉर्डर खराब है. टॅग लगाओ, निकालो,” एवढं म्हणून गेले. म्हणजे मी एकट्यानेच बघितलं असं नाही. हे मुद्दाम लिहितोय.

मी टॅग लावला, पण रेकॉर्डर काढला नाही. का नाही काढला, कोण जाणे.

त्या संध्याकाळी नोएल म्हणाला, “त्रेचाळीस.”

“काय त्रेचाळीस?”

“तळं, कुया. तातय बारा वाजता चर्चमधून येतो आणि खाली उतरतो. आज त्रेचाळीस. वाढतंय.”

त्यांचे दुपारचे बारा म्हणजे आमचे सकाळचे सात.

मी बसमध्येच पाकिटाच्या मागे आकडे मांडले. पेन बेचाळीस, वडील अडतीस. पेन पन्नास, वडील त्रेचाळीस. चूक हवेच्या तापमानापासून सुरू होते; त्या बेटावर हवा तीस डिग्री धरली... तर तीसच्या वर पेन बारा, वडील आठ. पेन वीस, वडील तेरा. दोन्ही वेळा बरोबर दोन-तृतीयांश. एखादी सावली दिसली असती तर मी कदाचित एवढा घाबरलो नसतो. हे माझ्या ओळखीचं होतं. चुकीच्या जातीचा प्रोब नेमका असाच खोटं बोलतो.

दुसऱ्या दिवशी ड्रॉवर उपसला. नोएलच्या प्रोबचा मी कापलेला जुना प्लग तळाशी सापडला. प्रोबच्या प्रत्येक जातीच्या प्लगचा रंग ठरलेला असतो. हा रंग वेगळ्या जातीचा होता. कापताना तो माझ्या डोळ्यांसमोर होता, आणि मी बघितला नव्हता.

कोणालाही वाटेल, की मी तसाच धावत नोएलकडे गेलो. नाही गेलो. पाच दिवस गेलो नाही. रोज बसमध्ये तो शेजारी बसायचा, बहिणीच्या मुलीला बूट पाठवायचेत म्हणून मापाचा कागद दाखवायचा, आणि मी हो हो म्हणायचो. खोटं स्टिकर लावणाऱ्याला कंपनी त्याच दिवशी घरी पाठवते. पण नोकरीची भीती खरं तर नंतरची. तो मला कुया म्हणत होता, त्याला हे कोणत्या तोंडाने सांगायचं?

आमच्या खोलीत परबकाका नावाचे एक वेल्डर होते, कणकवलीकडचे. शुक्रवारी सुट्टी. दुपारी जेवण झाल्यावर ते माझ्याकडे बघत बसले.

“काय रे इठू, आठवडोभर तोंडार माशी हलना नाय तुझ्या. घरच्यांची आठवण येता, की पोट साफ नाय?”

मी त्यांना पेनची गोष्ट सांगितली. स्टिकरची नाही, फक्त पेनची. त्यांनी थट्टा आवरती घेतली. उठून कपाटातला नारळ काढला, गणपतीच्या फोटोसमोर ठेवला. आमच्याकडे कोणी अडचणीत असला की देवासमोर गाऱ्हाणं घालतात. एक जण मोठ्याने बोलतो आणि बाकीचे ‘होय म्हाराजा’ म्हणतात. इथे बाकीचे म्हणजे मी एकटाच.

“बा देवा म्हाराजा,” काका म्हणाले, “आज ह्या लेकरान तुझ्यासमोर नारळ ठेवलेलो आसा. परमुलखात रवता, घाम गाळता. तेच्या हातान कळत न कळत काय चूक घडली आसात...”

इथे मी ‘होय म्हाराजा’ म्हणायचं होतं. मी म्हटलं नाही. न कळत असं त्यात काही नव्हतंच. काका थांबले.

“काय ता सांगान टाक,” ते हळू म्हणाले. “देवाक नको. ज्येका सांगूचा, तेका सांग.”

तरीही मी शनिवारी सांगितलं नाही. थकलो होतो, असं मी स्वतःला सांगत होतो. सगळ्याच गोष्टींना मी तेव्हा तेच कारण देत होतो.

तिसरा रविवार. बाहेर धुळीचं वादळ. खोलीचं दार बंद, एसी चालू. मी स्टूल घेऊन रेकॉर्डरसमोर बसलो. सात-दहा. पेन चढला. चाळीस, पन्नास... पुढे पंचावन्नची रेषा. पेन ती ओलांडून साठवर गेला. आणि खोलीत वास आला. सडलेल्या अंड्यांचा. रिफायनरीतल्या माणसाला हा वास म्हणजे मरण, विषारी गॅस. माझ्या पट्ट्याला गॅस मॉनिटर होता. तो शून्य दाखवत होता, वाजतही नव्हता. पण वास होता. डोळ्यांत पाणी आलं इतका होता.

मी गेट पास काढून साइटवर गेलो. नोएल परांचीवर उंच चढलेला होता. त्याला खाली बोलावलं. धुळीत तोंडाला फडकं बांधून आम्ही दोघं उभे.

“नोएल, तुझा प्रोब चुकीच्या जातीचा आहे. मी चेक केला नव्हता. नुसती सही केली.”

तो आधी हसला, थट्टा वाटली असावी. मग मी त्याला कापलेला प्लग दाखवला. तोही इन्स्ट्रुमेंटचाच माणूस, रंग बघून समजला.

“किती एरर आहे?”

“तीसच्या वर जेवढं असेल, त्याच्या दोन-तृतीयांशच दाखवतो. आज तातय जो आकडा देईल, तो खरा नाही.”

पेनबद्दल मी काही बोललो नाही. त्याची गरजच नव्हती. चूक होती, चुकीचं गणित होतं, तेवढं पुरे होतं.

बारा वाजेपर्यंत आम्ही कॅन्टीनच्या फोनशी उभे होतो. फोन लागला. त्यांच्या भाषेत बोलणं झालं आणि नोएलचा आवाज चढत गेला. मग त्याने रिसीव्हरवर हात ठेवला.

“पन्नास म्हणतोय. पन्नास म्हणजे ओके म्हणतोय. मी सांगतोय की चूक आहे, तर म्हणतो स्टिकर आहे, कुवेतच्या माणसाची सही आहे. तुझं ऐकू की सहीचं ऐकू?” त्याने रिसीव्हर माझ्यापुढे धरला. “तूच सांग.”

लाइनवर खरखर होती. पलीकडून म्हाताऱ्याचा आवाज आला. “सर नाईक?”

त्या माणसाला माझं नाव पाठ होतं. मी माझ्या मोडक्या इंग्रजीत सांगितलं, की मी चेक केलं नाही. मी खोटी सही केली. पन्नास नाही, साठ आहे.

मग ते म्हणाले, “सिक्स्टी?”

“यस, तातय. सिक्स्टी.”

त्यांनी फोन ठेवला.

त्या रात्रीपासून सोमवार संध्याकाळपर्यंत चार होड्यांतून नऊ घरं पलीकडे गेली. डुकरं, कोंबड्या, जाळी, सगळं तिथेच राहिलं. मंगळवारी सकाळी तळं फुटलं. आग दिसली नाही म्हणे. आधी काळा ढग, मग उकळतं पाणी, चिखल आणि दगड. घरांच्या जागी नुसता करडा चिखल उरला. माणूस एकही गेला नाही.

बुधवारी नोएलने मला हे बसमध्ये सांगितलं. पुढच्या सीटवर बसून, मान न वळवता. आणि शेवटी म्हणाला, “थँक यू, मिस्टर नाईक.”

त्यानंतर नऊ वर्षं आम्ही एकाच वर्कशॉपमध्ये होतो. पुढे तो साइटवरून परत आला, एकाच टेबलावर काम केलं, डबे एकत्र खाल्ले. पण कुया त्याने पुन्हा म्हटलं नाही. मी प्रत्येक मीटर तीन ठिकाणी तपासत होतो, शटडाऊन असो की काही असो. पोरं मला ‘तीन पॉइंट नाईक’ म्हणून चिडवायची. रेकॉर्डर जॉर्जसाहेबांनी दुसऱ्या एका वर्कशॉपला पाठवला, तपासणी झाली. काही दोष नाही, असा रिपोर्ट आला. पेन नंतर कधी चढला नाही.

२००४ मध्ये मी कायमचा परत यायला निघालो. दुपारी बॅगा बांधत होतो, तेव्हा नोएल खोलीवर आला. कानांजवळचे त्याचे केस पिकायला लागले होते. वडील आदल्या वर्षी गेले होते, म्हातारपणाने, पलीकडच्या किनाऱ्यावर, स्वतःच्या बिछान्यात. नोएल त्या वेळी घरी जाऊन आला होता.

“एक सांगायचं होतं,” तो पलंगाच्या कडेवर बसून म्हणाला. “मी तुझ्यावर खूप रागावलो होतो. पण तुला कोणी विचारलं नव्हतं. कोणाला कधी कळलंही नसतं. तू आपणहून येऊन सांगितलंस. एवढंच मी धरून ठेवलं.”

तो हसला.

“बहीण एक गंमत सांगत होती. ती तातयबरोबर खाली उतरायची ना. तातय आधी पाण्यात बोट बुडवून बघायचा, त्याची ती जुनी सवय. त्या तीन रविवारी त्याला पाणी आकड्यापेक्षा जास्त गरम वाटलं. पण हाताचं ऐकायचं की सहीचं? तर तो म्हातारा काय करायचा, ठाऊक आहे? प्रोब पाण्यात सोडायचा, स्टिकर डोळ्यांसमोर धरायचा आणि मोठ्याने विचारायचा... ‘नाईक, बरोबर आहे ना? नाईक, पुन्हा एकदा बघ.’ प्रोब पाण्यात असेपर्यंत, पंधरा-वीस मिनिटं, तो तुझ्याशी बोलत बसायचा. बहिणीला हसू यायचं.”

मी बॅगेची चेन लावत होतो. ती अर्ध्यावर अडकली आणि मी तिच्याकडे बघत राहिलो.

“काय झालं, कुया?” नोएल म्हणाला.

नऊ वर्षांनी म्हणाला होता. सांगायला हवं होतं. मी आपणहून आलो नव्हतो रे. मला विचारलं होतं. एकदा नाही, तीन रविवार विचारलं, आणि दोन रविवार मी गप्प बसलो... पण तो शब्द पुन्हा हातचा घालवायचं मला धैर्य झालं नाही. “काही नाही,” म्हटलं, “चेन अडकली.”

ते तीन गोल कागद माझ्याकडे आहेत. शाई फिकी झालीय, पण बेचाळीस, पन्नास, साठ अजून वाचता येतात. मी ते इथल्या एका इंजिनीयरला दाखवले. त्याने पॉवर सप्लायमधल्या गडबडीपासून बरंच काही सुचवलं. मी सगळं ऐकून घेतलं. तांब्याने जोडलेल्या टर्मिनलवर ते आकडे कसे आले, तेवढं त्यालाही सांगता आलं नाही. मलाही सांगता येत नाही. आता मी शोधतही नाही.

नोएलशी वर्षातून एकदा, नाताळला, फोन होतो. तो कुया म्हणतो, मी बरा आहे म्हणतो. त्याला मराठी येत नाही. म्हणून हे इथे लिहिलं.